मुलगी वयात येताना: तिच्याशी कधी, काय आणि कसं बोलायचं

पहिल्या पाळीचं रक्त बघून आपल्याला काहीतरी भयंकर आजार झालाय असं वाटून रडणाऱ्या मुली आजही आहेत. त्यांना कुणी मुद्दाम अंधारात ठेवलेलं नसतं. "अजून लहान आहे, पुढच्या वर्षी सांगू" असं म्हणता म्हणता ते वर्ष निघून जातं आणि शरीर काही आपल्या सवडीसाठी थांबत नाही. या लेखातलं एवढं एक केलंत तरी पुष्कळ झालं: प्रत्येक बदलाची माहिती तो बदल होण्याआधी तिच्यापर्यंत पोचवा.

घरात सात-आठ वर्षांची किंवा त्याहून मोठी मुलगी आहे आणि हा विषय अजून निघालेला नाही, अशा सगळ्यांसाठी हे लिहिते आहे. आई, बाबा, आजी, मावशी, आत्या, वर्गशिक्षिका, कुणीही. बाबांनी "हे तिची आई बघेल" म्हणून इथेच थांबू नये. पॅड कुठे ठेवलेत आणि पोट दुखलं तर काय करायचं हे बाबांनाही माहीत असलं, की मुलीला घरात लपवाछपवी करावी लागत नाही.

पहिली पायरी: आधी स्वतःची तयारी

मुलीशी बोलण्याआधी काही शब्द स्वतः मोठ्याने उच्चारून बघा: स्तन, योनी, गर्भाशय, अंडाशय, पाळी. पहिल्यांदा अडखळायला होईल. आरशासमोर, नवऱ्यासमोर, मैत्रिणीसमोर म्हणा. आपण शब्द गिळला की मुलगी तेवढ्यावरून ओळखते की इथे काहीतरी लाजिरवाणं आहे, आणि पुढचे प्रश्न विचारतच नाही. शिवाय अवयवांची नावं माहीत असलेली मुलगी काही दुखलं-खुपलं, किंवा कुणी नको तिथे हात लावला, तर नेमकं सांगू शकते.

स्वतःचं ज्ञानही एकदा तपासून घ्या. लघवीची जागा आणि पाळीचं रक्त येण्याची जागा वेगळी असते, हे अनेक मोठ्या बायकांनाही ठामपणे सांगता येत नाही. पुढून मागे असा क्रम आहे: मूत्रमार्गाचं छिद्र, योनीमुख, गुदद्वार. कागदावर साधी आकृती काढून दाखवली तर दोन मिनिटांत समजतं.

दुसरी पायरी: वेळ आणि जागा

मुलींमध्ये वयात येण्याची सुरुवात साधारण 8 ते 13 या वयात कधीही होते. म्हणून बोलायला सुरुवात आठव्या वर्षाच्या आसपास करायची. उशीर झाला असेल तर आजपासून.

समोर बसवून, दार लावून, "आता तुझ्याशी महत्त्वाचं बोलायचंय" अशी बैठक घेऊ नका. ती अवघडेल आणि तुम्हीही. कपड्यांच्या घड्या घालताना, चालत जाताना, प्रवासात, म्हणजे दोघींची नजर दुसरीकडे असताना विषय जास्त मोकळा निघतो. पाच मिनिटं पुरतात. एका वेळी एकच गोष्ट. आणि आपण सांगायला लागण्याआधी तिला विचारा, "याबद्दल तू काय ऐकलंयस?" वर्गात, मोबाइलवर, मोठ्या बहिणीकडून तिने काहीतरी उचललेलंच असतं. अर्धवट किंवा भीतीदायक असेल, तर दुरुस्ती तिथून सुरू करता येते.

तिसरी पायरी: बदल कुठल्या क्रमाने येतात ते सांगा

मुली घाबरतात ते बदलाला कमी आणि अचानकपणाला जास्त. पुढे काय येणार हे माहीत असलं की धास्ती बरीच ओसरते.

बहुतेक मुलींमध्ये पहिली खूण छातीवर दिसते. स्तनाग्राच्या खाली लहानशी, थोडी कडक, दाबल्यावर दुखणारी गाठ लागते. अनेकदा ती आधी एकाच बाजूला येते आणि दुसरी यायला काही महिने जातात. या गाठीने किती घरांत झोप उडवलेली असते! आधी सांगून ठेवलं असेल तर संवाद साधारण असा होतो:

"आई, इकडे काहीतरी गोटीसारखं लागतंय. धक्का लागला की दुखतं."

"एकाच बाजूला आहे का?"

"हो. दुसरीकडे काहीच नाही."

"मग तुझे स्तन वाढायला सुरुवात झाली. दुसरी बाजूही येईल, कदाचित दोन-चार महिन्यांनी. दुखतं ते वाढीमुळे. घट्ट कपडे टोचत असतील तर आपण आतून घालायला मऊ कॉटनचं काहीतरी आणू."

एवढंच. आईच्या आवाजात घाबरटपणा नाही, कौतुकाचा गाजावाजाही नाही. ब्रा कधी घालायची हे वयावर ठरत नाही, तिच्या सोयीवर ठरतं. सुरुवातीला स्लिप किंवा तार नसलेली मऊ ब्रा पुरते, धावताना-खेळताना स्पोर्ट्स ब्रा. आणि हे तिला सांगून ठेवा की दोन्ही स्तन अगदी सारखे फार थोड्या बायकांचे असतात.

त्यानंतर, कधी त्याच्या आगेमागे, जांघेत आणि मग काखेत केस येतात. घामाला वास यायला लागतो, कारण काखेतल्या वेगळ्या प्रकारच्या घामग्रंथी आता कामाला लागतात आणि त्या घामावर त्वचेवरचे जिवाणू वाढतात. रोजची आंघोळ, धुतलेले कपडे, हवा तर डिओडरंट. केस काढायचे की नाहीत हा स्वच्छतेचा प्रश्न नाही, ते तिने ठरवायचं. चेहऱ्यावर पुरळ येतं. सौम्य साबणाने किंवा फेसवॉशने दिवसातून दोनदा धुवायचं, फोडायचं नाही, खूपच असेल तर त्वचेच्या डॉक्टरांना दाखवायचं.

उंची याच काळात झपाट्याने वाढते. हा वेग पहिल्या पाळीच्या आधी सर्वांत जास्त असतो, आणि पाळी सुरू झाल्यावर मुली सरासरी आणखी 5 ते 7 सेंटीमीटर वाढतात. कंबर-मांड्या भरतात, वजन वाढतं. ही चरबी शरीराला हवी असते. नेमकं याच वेळी घरातलं कुणीतरी "जाड झालीस हं" म्हणून जातं आणि मुलगी गुपचूप जेवण कमी करते. ते वाक्य घरात कुणीही बोलायचं नाही, असा नियमच करा. वाढीच्या वयात उपाशी राहिल्याने पाळी लांबते किंवा बंद पडते आणि हाडंही कमजोर राहतात.

पाळी येण्याच्या साधारण सहा महिने ते वर्षभर आधी निकरवर पांढरट किंवा पारदर्शक चिकट स्राव दिसू लागतो. वाळल्यावर तो पिवळसर दिसतो. हा आजार नाही, योनी स्वतःला स्वच्छ ठेवते त्याचा भाग आहे. आत साबण लावायचा नाही, बाहेरून साध्या पाण्याने धुतलं की झालं. मात्र खाज, घाण वास, हिरवट किंवा करडा रंग असेल तर डॉक्टरांना दाखवा. हा स्राव दिसला की पाळीची पिशवी तयार ठेवायची वेळ झाली असं समजा.

छातीवरची पहिली गाठ आणि पहिली पाळी यांत सहसा दोन ते अडीच वर्षं जातात. पाळी बहुतेकींना बारा-तेराच्या आसपास येते, पण नऊला येणंही घडतं आणि पंधराला येणंही.

चौथी पायरी: आत काय घडतं

दहा वर्षांच्या मुलीला समजेल असं सांगायचं तर हे एवढं पुरे. मेंदूच्या तळाशी पियुषिका नावाची ग्रंथी असते. ठरावीक वयात ती संप्रेरकं, म्हणजे हार्मोन, सोडून अंडाशयांना जागं करते. ओटीपोटात दोन अंडाशयं असतात आणि मधे गर्भाशय. अंडाशयं इस्ट्रोजेन तयार करतात, त्याने शरीर बदलायला लागतं. साधारण महिन्यातून एकदा अंडाशयातून एक बीजांड बाहेर पडतं. बाळ वाढायची वेळ आली तर जागा तयार असावी म्हणून गर्भाशयाच्या आत मऊ अस्तर जमतं. गर्भ राहिला नाही की त्या अस्तराची गरज उरत नाही. ते सुटतं आणि थोड्या रक्तासोबत योनीवाटे बाहेर येतं. ही पाळी.

"म्हणजे रक्त घाण असतं का?" हा प्रश्न हमखास येतो. उत्तर स्वच्छ शब्दांत द्या: नाही. तेच रक्त, तेच शरीर. पाळीत काय करायचं नाही याच्या याद्या तिच्या कानावर पडतील. वैद्यकशास्त्रात अशी यादी नाही. आंघोळ, केस धुणं, खेळणं, पळणं, व्यायाम, सगळं चालतं. टॅम्पॉन (योनीत ठेवायचा, रक्त शोषणारा कापसाचा बोळा) किंवा कप (योनीत बसवायची, रक्त साठवणारी छोटी मऊ वाटी) वापरत असेल तर पोहणंही.

पाळी सुरू झाली म्हणजे शरीराला गर्भ राहू शकतो, हेही योग्य वयात सांगायला हवं. मुलगी मोठी झाली, सगळ्याला तयार झाली, असा त्याचा अर्थ होत नाही, हेही त्याच दमात सांगा.

पाचवी पायरी: पॅड तिच्या हातात द्या

ही पायरी लोक तोंडी उरकतात आणि तिथेच मुलीची पंचाईत होते. पाळी येण्याआधी एखाद्या दुपारी एक पॅड, एक जुनी निकर, वाटीभर रंगवलेलं पाणी आणि एक मोठा चमचा घेऊन तिच्यासोबत बसा.

पॅडचं वेष्टन तिला फोडू द्या. मागचा कागद सोलला की चिकट बाजू दिसते, ती निकरच्या मधल्या पट्टीवर लावायची. विंग्ज असतील तर त्यांचे कागद काढून त्या खालून दुमडायच्या. लांब टोक रात्री मागच्या बाजूला. पहिल्यांदा ती वाकडं लावेल, विंग्ज एकमेकींना चिकटतील, मग दुसरं पॅड फोडा. आता रंगीत पाणी चमच्याने त्यावर सोडा. दोन-तीन मोठे चमचे, म्हणजे 30 ते 40 मिलिलिटर. संपूर्ण पाळीत मिळून सर्वसाधारणपणे एवढंच रक्त जातं. "भळाभळा रक्त वाहतं" असं ऐकून बसलेल्या मुलीला हे डोळ्यांनी बघितल्यावर जो धीर येतो तो कुठल्याही भाषणाने येत नाही.

मग बदलण्याचं गणित. पॅड चार ते सहा तासांनी बदलायचं, भरलं असेल तर आधीच. बदलण्याआधी आणि नंतर हात धुवायचे. वापरलेलं पॅड गुंडाळून, कागदात बांधून कचऱ्याच्या डब्यात टाकायचं, संडासात टाकून पाणी सोडायचं नाही. कापड वापरत असाल तर ते सुती हवं, साबणाने नीट धुवून उन्हात खडखडीत वाळवलेलं हवं. लाजेपायी दुसऱ्या कपड्यांखाली दडवून दमट ठेवलेलं कापड जंतुसंसर्गाला आमंत्रण देतं. मेन्स्ट्रुअल कप आणि टॅम्पॉन यांचीही ओळख करून द्या, सुरुवात बहुतेक मुली पॅडनेच करतात. टॅम्पॉन आठ तासांपेक्षा जास्त ठेवायचा नाही, हे मात्र पक्कं सांगा. क्वचित का होईना, त्याने विषारी संसर्ग होऊ शकतो. टॅम्पॉन असताना अचानक जास्त ताप, अंगावर लाल पुरळ, चक्कर असं झालं तर तो लगेच काढून थेट रुग्णालयात.

दप्तरासाठी एक छोटी चेनची पिशवी भरून द्या: दोन पॅड, एक निकर, कागदाच्या घड्या, एक लहान पिशवी. पॅड नसताना पाळी आलीच, तर स्वच्छ रुमाल किंवा टिश्यूची जाड घडी करून ठेवायची आणि बाईंना किंवा मैत्रिणीला सांगायचं. डाग पडला तर कमरेला स्वेटर बांधायचा. डाग गार पाण्याने धुवायचा, गरम पाण्याने तो पक्का बसतो.

सहावी पायरी: पहिली पाळी आल्यावर

ती सांगेल तेव्हा तुमचा चेहरा शांत असू द्या. पहिलं रक्त लालच असेल असं नाही, तपकिरी, काळपट डागही असतो, म्हणून ते आधी सांगून ठेवलेलं बरं. "बरं झालं लगेच सांगितलंस" म्हणा, पॅड द्या, दुखतंय का विचारा. ही बातमी कुणाला सांगायची हे तिला विचारून ठरवा. तिच्या डोळ्यांदेखत फोनवर साऱ्या नातेवाइकांना कळवलं, तर पुढच्या वेळी ती तुम्हालाही सांगायला कचरेल.

सातवी पायरी: पुढची दोन-तीन वर्षं

सुरुवातीला पाळी नियमित नसते. मेंदू आणि अंडाशय यांचा मेळ बसायला वेळ लागतो आणि दर महिन्याला बीजांड सुटतंच असं नाही. एका पाळीच्या पहिल्या दिवसापासून पुढच्या पाळीच्या पहिल्या दिवसापर्यंत मोजायचं. या वयात 21 ते 45 दिवसांचं अंतर सामान्य धरतात. रक्तस्राव दोन ते सात दिवस. तिच्याच हातात लहान डायरी किंवा कॅलेंडर द्या: तारीख, किती दिवस, दुखलं का, दिवसाला किती पॅड. पाच-सहा महिन्यांत तिला स्वतःच्या शरीराची चाल कळायला लागते, आणि हे कळणं फार मोलाचं आहे.

दुखण्याबद्दल एक गोष्ट घरोघरी चुकते. पहिल्या काही पाळ्या अनेकदा फारशा दुखत नाहीत, कारण तेव्हा बीजांड सुटत नसतं. सहा महिने-वर्षभराने ते सुटायला लागतं आणि कळा सुरू होतात. "आधी तर काही नव्हतं, आता शाळा बुडवायला निमित्त" असं कुणीतरी म्हणतं. निमित्त नाही ते. गर्भाशयाच्या अस्तरात प्रोस्टाग्लॅंडिन नावाची द्रव्यं तयार होतात, त्यांनी स्नायू आकुंचन पावतो आणि ओटीपोटात, कमरेत, मांड्यांत कळा येतात. गरम पाण्याच्या पिशवीने शेकल्यावर बरं वाटतं, हलक्या हालचालीनेही वाटतं. आयबुप्रोफेन किंवा मेफेनॅमिक ॲसिडसारखी औषधं याच द्रव्यांची निर्मिती कमी करतात, म्हणून ती कळ असह्य होईपर्यंत थांबण्यापेक्षा दुखायला लागताच घेतलेली जास्त लागू पडतात. तिला चालतील का आणि मात्रा किती, हे डॉक्टरांना आधी विचारून लिहून ठेवा. ॲस्पिरिन मुलांना देऊ नये. औषध घेऊनही अंथरुणातून उठवत नसेल, दर महिन्याला शाळा बुडत असेल, तर "बायकांना सोसावंच लागतं" म्हणून गप्प बसू नका. एंडोमेट्रिओसिससारखा आजार, म्हणजे गर्भाशयाच्या अस्तरासारखा थर गर्भाशयाबाहेर वाढणं, वर्षानुवर्षं याच वाक्यामागे दडून राहतो.

आठवी पायरी: मन, आरसा, मोबाइल

ती दार आपटेल, रडेल, मग तासाभराने गळ्यात पडेल. भावना भडकवणारा मेंदूचा भाग या वयात जोरात असतो आणि आवर घालणारा पुढचा भाग पंचविशीच्या आसपासपर्यंत पक्का होत असतो. शरीराचं घड्याळही पुढे सरकतं, रात्री झोप उशिरा येते, तरी गरज आठ ते दहा तासांची असते. झोप अपुरी पडली की निम्मी चिडचिड तिथूनच येते. मात्र ती रागावली की "पाळी येणार वाटतं" असं चुकूनही म्हणू नका. तिचा राग खरा असू शकतो आणि त्या वाक्याने तो ऐकलाच जात नाही.

लवकर वयात आलेल्या मुलींकडे जरा जास्त लक्ष द्यावं असं मला मनापासून वाटतं. नऊ वर्षांची मुलगी तेरा वर्षांची दिसायला लागली की मोठी माणसं तिच्याकडून तेरा वर्षांचं वागणं मागतात, बाहेरच्यांच्या नजराही बदलतात. आतून ती नऊचीच असते. तिला अजून मांडीवर बसावंसं वाटतं, बाहुल्या हव्या असतात. बाबांनी जवळ घेणं एकाएकी थांबवलं तर आपल्या शरीरातच काही वाईट आलंय असं तिला वाटतं. किती जवळ यायचं ते तिला ठरवू द्या. उलट, वर्गात सगळ्यात शेवटी राहिलेली मुलगी आपल्यात काही कमी आहे असं समजून कुढते. तिला 8 ते 13 हा आकडा पुन्हा सांगा.

मोबाइलवरचे चेहरे फिल्टरचे असतात हे तिला माहीत असतं, तरी तुलना होतेच. आपण स्वतःच्या पोटाला, रंगाला नावं ठेवणं बंद केलं तर फरक पडतो. ती काय करू शकते याबद्दल बोला: किती लांब पोहली, किती अवघड गणित सोडवलं. उदासी दोन आठवड्यांहून जास्त टिकली, खाणं-झोपणं बिघडलं, स्वतःला इजा करण्याची भाषा आली, तर वय म्हणून सोडून न देता समुपदेशक किंवा मानसोपचारतज्ज्ञांकडे लगेच जा.

आणि शरीर तिचं आहे, हे रोजच्या वागण्यातून दिसू द्या. तिच्या खोलीत जाताना दारावर टकटक करा. नको असेल तर तिने कुणालाही मिठी मारायची नाही, पापा द्यायचा नाही, तो माणूस कितीही जवळचा असो. "हे कुणाला सांगू नकोस" असं म्हणत कुणी हात लावला किंवा फोटो मागितला तर ते आधी आपल्याला सांगायचं, आणि सांगितल्यावर ओरडा बसणार नाही, असा शब्द द्या. तो शब्द पाळावा लागतो. पहिल्याच वेळी "तू तिथे गेलीसच कशाला" विचारलंत, की पुढच्या गोष्टी तुमच्यापर्यंत येणार नाहीत.

डॉक्टरांकडे कधी जायचं

आठ वर्षांच्या आधीच स्तन वाढू लागले किंवा जांघेत केस आले. तेरा पूर्ण होऊनही छातीवर काहीच बदल नाही. पंधरा पूर्ण होऊनही, किंवा स्तनांची वाढ सुरू होऊन तीन वर्षं झाली तरी, पाळी नाही. दर महिन्याला ठरावीक दिवशी पोट दुखतं पण रक्त येत नाही. एका-दोन तासांत पॅड पूर्ण भिजतं आणि असं अनेक तास चालतं. सात दिवसांहून जास्त रक्तस्राव. दोन पाळ्यांत तीन महिन्यांहून जास्त अंतर. सतत थकवा, धाप, चेहरा पांढुरका, ही लोह कमी झाल्याची लक्षणं. पहिल्या पाळीपासूनच फार रक्त जातंय आणि शिवाय नाकातून रक्त येतं, अंगावर सहज काळेनिळे डाग पडतात, तर रक्त गोठण्याची तपासणी करून घ्यायला हवी.

गर्भाशयमुखाच्या कर्करोगापासून संरक्षण देणारी एचपीव्ही लसही याच वयात विचारून घ्या. जागतिक आरोग्य संघटना ती प्रामुख्याने 9 ते 14 वर्षांच्या मुलींना द्यायला सांगते.

तपासणीला गेल्यावर डॉक्टरांनी प्रश्न विचारला की आपण पटकन उत्तर देऊन टाकतो. थांबा. कधीपासून, किती दिवस, कुठे दुखतं, हे तिला सांगू द्या. डायरी तिच्या हातात असेल. अंग तपासायचं असेल तर तुम्ही किंवा तिला हवी ती मोठी बाई सोबत असेल, डॉक्टर काय करणार ते आधी सांगतील आणि ती कधीही "थांबा" म्हणू शकेल, हे घरून निघतानाच बोलून ठेवा. तुमच्यासमोर विचारायचं नसलेलं काही असेल, तर तिला डॉक्टरांशी थोडा वेळ एकटीने बोलायची मुभा द्या आणि परत येताना काय बोलणं झालं ते खोदून विचारू नका.